हसण्याचा खर्च कोणाच्या खाती?

(मोताळा येथे वाचकांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



मराठी विनोदाची वंशावळ सांगू लागले की जिभेवर पुण्या-मुंबईची नावे येतात. नाटकाची गोष्ट तर विचारूच नका. सांगली, पुणे आणि गिरगाव यांच्यापलीकडे आपल्या रंगभूमीचा इतिहास फारसा प्रवासच करीत नाही. तथापि ज्या गृहस्थांना वाङ्मयाचे इतिहासकार आधुनिक मराठी विनोदाचे जनक म्हणून मान देतात, ते श्रीपाद कृष्ण कोल्हटकर जन्माने नागपूरचे आणि व्यवसायाने वऱ्हाडातले वकील होते. १८७१ साली जन्म, १८९७ साली कायद्याची पदवी आणि त्यानंतर अकोला, खामगाव व जळगाव जामोद येथे वकिली, असा त्यांच्या आयुष्याचा नकाशा आहे. म्हणजे मलकापूर-नांदुऱ्याच्या बाजूने निघून पूर्णा ओलांडली की सातपुड्याच्या पायथ्याशी जे गाव लागते, तिथे बसून या माणसाने नाटके लिहिली, आणि ती किर्लोस्कर नाटक मंडळीसारख्या त्या काळच्या अग्रगण्य संस्थेने रंगभूमीवर आणली. १९२७ साली पुण्याच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष झाले. १९३४ साली त्यांचे निधन झाले.

त्यांचे महाराष्ट्रगीत आपण सर्वांनी शाळेत म्हटलेले आहे. ते म्हणताना एक गोष्ट आपल्या ध्यानात येत नाही. कोल्हटकर जिथे राहत होते तो वऱ्हाड १८५३ साली निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आलेला आणि १९०३ साली मध्यप्रांताला जोडलेला मुलूख होता. ज्या महाराष्ट्राचे गीत त्यांनी रचले तो त्यांच्या हयातीत कोणत्याही सरकारी नकाशावर नव्हता. तो अस्तित्वात यायला १९६० साल उजाडावे लागले. विनोदी लेखकाच्या कल्पनाशक्तीचा हा पुरावा मला त्यांच्या कित्येक कोट्यांपेक्षा मोलाचा वाटतो.

आज मला बोलायचे आहे ते या नाटककाराविषयी, आणि त्याहूनही अधिक त्याच्याविषयी व त्याच्या परंपरेविषयी जी पुस्तके लिहिली गेली त्यांच्याविषयी. विनोदी नाटककाराच्या वाट्याला आपल्याकडे जे लेखन येते त्यात दोन खोडी हमखास आढळतात. पहिली किश्श्यांची. गडकरी असोत, अत्रे असोत की पु. ल. देशपांडे असोत, त्यांच्यावरच्या पुस्तकांतली पानेच्या पाने 'एकदा काय झाले' अशा आठवणींनी भरलेली असतात. अमक्या सभेत अमक्याला कसे गप्प केले, जेवणाच्या पंगतीत कोणती कोटी केली, विंगेत उभे राहून कोणाची कशी फिरकी घेतली. वाचताना करमणूक होते, पण पुस्तक मिटल्यावर हातात उरतो तो चावी दिली की कोट्या करणारा एक बाहुला. तो माणूस कोणावर चिडला होता, का चिडला होता आणि त्याचे हसू कोणाला झोंबले, हा प्रश्नच उपस्थित होत नाही. दुसरी खोड गुरुशिष्यांच्या हिशेबाची. कोल्हटकरांचे शिष्य गडकरी, त्यांच्याच परंपरेत खांडेकर, मग अत्रे, अशी माळ ओवली की समीक्षकाला कृतकृत्य वाटते. कोल्हटकरांच्या बाबतीत हा अन्याय विशेष झाला. गडकऱ्यांनी त्यांना मनापासून गुरू मानले आणि गडकऱ्यांची नाटके गाजली, म्हणून कोल्हटकर हे कायमचे गडकऱ्यांच्या चरित्रातले एक प्रकरण होऊन बसले. त्यांचे आत्मवृत्त त्यांच्या पश्चात १९३५ साली प्रसिद्ध झाले, पण ते आज किती वाचनालयांच्या कपाटात आहे, हे ज्याने त्याने आपापल्या गावी पाहावे.

त्यांचा पहिला विनोदी लेख 'साक्षीदार' हा १९०२ साली लिहिलेला. कोर्टात रोज उभे राहणाऱ्या वकिलाला पहिला विषय साक्षीदाराचा सुचावा, यात नवल काही नाही. ज्यांनी मलकापूरच्या कोर्टाच्या आवारात एक संपूर्ण दिवस काढला आहे त्यांना हा विषय किती समृद्ध आहे ते समजावून सांगण्याची गरज नाही. त्यानंतर लेख होत गेले आणि १९१० साली 'सुदाम्याचे पोहे' या नावाने त्यांचा संग्रह निघाला. लेख अठरा होते म्हणून त्याचे दुसरे नाव 'अठरा धान्यांचे कडबोळे'. पुढे १९२३च्या आवृत्तीत लेखांची संख्या बत्तीस झाली, तेव्हा ते 'साहित्यबत्तिशी' झाले. या लेखांत सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्या असे तीन मित्र आहेत. सण, व्रते, शकुन, ग्रहदशा, सोवळेओवळे यांची बाजू ते अशा काही निष्ठेने घेतात की त्या निष्ठेच्या भारानेच रूढीचे छप्पर खाली येते. कोल्हटकर स्वतः कुठे उपदेश करीत नाहीत. सनातनी माणसाच्या तोंडी सनातनी युक्तिवाद शेवटच्या टोकापर्यंत नेऊन देतात आणि बाजूला होतात. आगरकरांनी जे घणाघाती गद्यात केले, त्याच कामाला या वकिलाने हास्याचे हत्यार लावले.

यात आणखी एक मर्म आहे. ग्रहांच्या फलांवर हसणारा हा माणूस ग्रहांच्या गणिताचा खरा अभ्यासक होता. ज्योतिर्गणितावर त्याने १९१३ साली ग्रंथ प्रसिद्ध केला. म्हणजे शनी आकाशात कुठे आहे हे त्याला मांडता येत होते, आणि म्हणूनच तो कोणाच्या राशीला बसत नाही हे तो अधिकाराने सांगू शकत होता. अडाण्याने ज्योतिषावर हसणे वेगळे आणि गणित्याने हसणे वेगळे.

आता एक योगायोग सांगतो. योगायोग म्हणूनच सांगतो. त्यातून कोणी संशोधन काढू नये. त्याच जळगाव जामोद तालुक्यात भेंडवळ नावाचे गाव आहे. तिथे दरवर्षी अक्षय्य तृतीयेला घटमांडणी होते. शेतात घट मांडतात, भोवती अठरा धान्ये ठेवतात, रात्रभर तिकडे कोणी फिरकत नाही, आणि दुसऱ्या दिवशी पहाटे कोणते धान्य जागचे हलले हे पाहून पावसाचे व पिकांचे भाकीत केले जाते. पानसुपारीवरून राजाची गादी स्थिर की डळमळीत हेही सांगतात. वर्तमानपत्रे ते भाकीत दरवर्षी मोठ्या मथळ्याने छापतात. अठरा धान्ये इथेही आणि अठरा धान्ये कोल्हटकरांच्या पुस्तकाच्या नावातही! त्यांनी भेंडवळवर लिहिले असे माझे म्हणणे नाही. पण सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्या अक्षय्य तृतीयेच्या पहाटे त्या शेताच्या बांधावर उभे आहेत, अशी कल्पना मनात आली की मला त्यांचा संवाद ऐकू येऊ लागतो.

परंतु इथेच आपल्याला अधिक कठोर व्हायला हवे. त्या बांधावर सुदाम्याच्या शेजारी आणखी एक माणूस उभा आहे, आणि तो हसत नाही. घटमांडणीत कपाशी चांगली निघाली म्हणून जास्तीचे बियाणे उधारीवर घेणारा तो शेतकरी. कोल्हटकरांच्या विनोदात हा माणूस फारसा दिसत नाही. सुदामा मूर्ख आहे, परंतु त्याच्या मूर्खपणाची किंमत फार तर त्याची फजिती एवढीच आहे. दुसऱ्या दिवशी तो पुन्हा पोटभर जेवून पुढच्या लेखात हजर होतो. विनोद उत्तम आहे, हेतू सुधारणेचा आहे, लक्ष्यही अचूक आहे, आणि तरीही त्या मूर्खपणाचा खर्च कोणाच्या खाती पडतो हे सांगणारे पान त्या वहीत नाही.

त्यांच्या नाटकांत हे अधिकच जाणवते. 'वीरतनय' १८९६ साली रंगभूमीवर आले, 'मूकनायक' १९०१ साली. या दोन तारखांच्या मधोमध १८९६-९७ चा आणि १८९९-१९०० चा असे दोन दुष्काळ आहेत, आणि त्यांतला दुसरा, लोकांच्या तोंडी 'छप्पनचा' म्हणून राहिलेला, वऱ्हाडावर भयंकर कोसळला होता. नाटकांत मात्र राजपुत्र, राजकन्या, वेषांतरे आणि गैरसमज आहेत. मी दुष्काळावर नाटक का लिहिले नाही म्हणून कोल्हटकरांना जाब विचारीत नाही. तसा जाब विचारणारी समीक्षा आमच्या काही मित्रांनी मागे पुष्कळ केली, आणि तिने चांगली नाटके निर्माण झाली नाहीत. शिवाय मद्यपान, पुनर्विवाह, स्त्रीशिक्षण असे प्रश्न त्यांनी संगीत नाटकात धिटाईने आणले, हे विसरून चालणार नाही. पारशी-उर्दू रंगभूमीच्या चाली आणून त्यांनी किर्लोस्करी संगीताची चाकोरीही मोडली. माझे म्हणणे एवढेच की त्यांच्यावरची पुस्तके दुष्काळाच्या या तारखा नाटकांच्या तारखांशेजारी ठेवीत नाहीत. त्या ठेवल्या असत्या तर तो नाटककार आपल्याला अधिक समजला असता, त्याचे मोठेपणही आणि त्याच्या खिडकीतून काय दिसत नव्हते तेही.

त्यांच्या संवादांविषयी एक जुनी तक्रार आहे, आणि ती खरी आहे. त्यांच्या नाटकांत सगळेच कोट्या करतात. राजा कोटी करतो, मंत्री कोटी करतो आणि नोकरही त्याच तोलाची, त्याच संस्कृतप्रचुर भाषेत कोटी करतो. समीक्षकांनी याला स्वभावरेखनाचा दोष म्हटले. माझ्यासारख्या समाजवाद्याला मात्र त्यात थोडे समाधानही वाटते. निदान बुद्धीच्या बाबतीत या लेखकाने जमीनधारणेवर कमाल मर्यादा घातली होती! पण विनोद बाजूला ठेवला तर दोष हा दोषच. माणसे आपापल्या तोंडाने बोलत नाहीत म्हणून ती नाटके आज रंगभूमीवर दिसत नाहीत. उलट गोविंद बल्लाळ देवलांचे 'संशयकल्लोळ' पाहा. १८९३ साली 'फाल्गुनराव' या नावाने ते गद्यात आले. मूळ आर्थर मर्फी या आयरिश नाटककाराचे, आणि मर्फीच्याही मागे फ्रेंच मोलिएर. देवलांनी ते पुढे संगीत केले आणि १९१६ साली, ज्या वर्षी देवल वारले त्याच वर्षी, गंधर्व नाटक मंडळीने ते केले. कथा परक्याची, परक्याच्याही परक्याची, पण फाल्गुनराव आणि कृत्तिका अशी भांडतात की शेजारच्या घरातले भांडण भिंतीला कान लावून ऐकत असल्यासारखे वाटावे. शंभर वर्षे उलटून गेली तरी त्याचे प्रयोग होतात.

'संशयकल्लोळा'त अश्विनशेठ ज्या रेवतीवर प्रेम करतो ती कलावंतिणीच्या घरात वाढलेली. नाटक सुखान्त आहे, तेव्हा रेवतीचे कल्याण होते. त्याच काळात गिरगावात एक खरी रेवती राहत होती. हिराबाई पेडणेकर. सावंतवाडीकडच्या, कलावंत घराण्यातल्या, गायनात निपुण. त्यांच्या घरी त्या काळचे लेखक-कवी जमत. कोल्हटकरांना त्या गुरुस्थानी मानीत आणि त्यांच्या मार्गदर्शनाने लिहीत. 'जयद्रथविडंबन' आणि 'संगीत दामिनी' ही त्यांची नाटके. 'दामिनी' १९१२ साली ललितकलादर्श मंडळीने रंगभूमीवर आणले. स्त्रीने लिहिलेले नाटक एका व्यावसायिक मंडळीने करावे, ही त्या काळी केवढी गोष्ट! पण हिराबाईंचे नाट्यलेखन पुढे थांबले. मुंबई सोडून त्या कोकणात पालशेतला गेल्या आणि तिथेच १९५१ साली त्यांनी जगाचा निरोप घेतला. कोल्हटकर आणि हिराबाई यांच्या स्नेहावर स्वतंत्र पुस्तक निघाले. वसंत कानेटकरांनी हिराबाईंच्या जीवनावर 'कस्तुरीमृग' हे नाटक लिहिले. लोकांचे कुतूहल असते ते या दोघांचे नाते काय होते याविषयी. मला त्या कुतूहलाशी कर्तव्य नाही. मला विचारावेसे वाटते ते हे, की स्त्रीशिक्षणाची तरफदारी करणाऱ्या पुरुषांचा एवढा मोठा मेळावा ज्या दिवाणखान्यात भरत होता, तिथली यजमानीण लिहिती का राहिली नाही? रंगमंचावरच्या रेवतीला टाळ्या मिळाल्या, आणि गिरगावातल्या रेवतीची नाटके विनोदी परंपरेच्या पुस्तकांत एखाद्या ओळीपुरती उरली.

आता मी तुम्हाला या वंशावळीच्याही मागे नेतो. १८५५ साली जोतीराव फुल्यांनी 'तृतीय रत्न' नावाचे नाटक लिहिले. एक कुणबी, त्याची गरोदर बायको, आणि दारात भिक्षेला आलेला जोशी. जोशी ग्रहांची भीती घालतो, अनुष्ठान सुचवतो, आणि ते भोळे जोडपे कर्ज काढून ब्राह्मणभोजनाचा खर्च करते. या सगळ्यात एक विदूषक आहे. प्रवेशाप्रवेशाला तो मधे तोंड घालतो, जोशाच्या बोलण्यातली लबाडी उघडी करतो आणि प्रेक्षकाला हसवता हसवता अस्वस्थ करतो. शेवटी नवराबायको रात्रीच्या शाळेत जायचे ठरवतात. हे नाटक जोतीरावांनी दक्षिणा प्राइझ कमिटीकडे पाठवले. कमिटीने ते नाकारले. त्यानंतर ते छापले गेले १९७९ साली, म्हणजे लिहिल्यानंतर १२४ वर्षांनी. किर्लोस्करांचे 'शाकुंतल' १८८० चे. म्हणजे आपली संगीत रंगभूमी जन्माला येण्याच्या पाव शतक आधी, सामाजिक विनोदाचे एक पुरते नाटक तयार होते आणि ते पेटीत पडून राहिले.

कोल्हटकरांनी ते वाचले असण्याचा संभव नाही, कारण ते छापलेलेच नव्हते. पण आज आपल्यासमोर दोन्ही आहेत. जोतीरावांचा जोशी आणि कोल्हटकरांचा जोशी हे सख्खे भाऊ आहेत. दोघांची भाषा एक, युक्त्या एक, पोट एक. फरक आहे तो समोर बसलेल्या गिऱ्हाइकात. कोल्हटकरांच्या लेखात जोशासमोर सुदामा बसतो, ज्याला परवडते. जोतीरावांच्या नाटकात कुणबी बसतो, ज्याला परवडत नाही, आणि त्याने काढलेले कर्ज नाटकातच मोजून दाखवले जाते. एकाच मूर्खपणाचे दोन हिशेब! मराठी विनोदावरच्या पुस्तकांत हे दोन जोशी एका पानावर शेजारी शेजारी बसलेले मला तरी आढळले नाहीत. पंगतभेद ग्रंथांतही असतो.

कोल्हटकर वकील होते, हे इथे पुन्हा आठवावे. कर्ज काढलेला तो कुणबी नाटकातून बाहेर पडल्यावर कुठे जाणार? सावकाराकडे, आणि तिथून कोर्टात. तिथे त्याच्याविरुद्ध साक्षीदार उभा राहणार. म्हणजे १८५५ च्या नाटकाचा पुढचा अंक १९०२ च्या 'साक्षीदारा'च्या कोर्टात सुरू होऊ शकला असता. दोन लेखकांमध्ये जी भिंत होती ती प्रतिभेची नव्हती.

ही भिंत थोडी फोडली ती कोल्हटकरांच्या शिष्याने. गडकऱ्यांचा मृत्यूही वैदर्भीयच. २३ जानेवारी १९१९ रोजी, ऐन तेहतिसाव्या वर्षी, सावनेरला ते गेले. महिनाही झाला नव्हता तोच, २० फेब्रुवारीला, बडोद्यात 'एकच प्याला'चा पहिला प्रयोग झाला. गुरूने 'मूकनायका'त मद्यपानाचा विषय घेतला होता. शिष्याने तोच घेतला. 'एकच प्याला'त तळीराम आहे, त्याचे आर्यमदिरामंडळ आहे, आणि त्या मंडळातला विनोद असा आहे की आजही प्रेक्षागृह हसून हसून लोळते. पण गडकऱ्यांनी त्या हसण्याच्या शेजारच्याच प्रवेशात सिंधूला जात्यावर बसवले. सुधाकर वकिलाची सनद जाते, घर जाते, आणि ज्या बाईने कधी स्वतः दळले नसेल ती लोकांचे दळण दळते. तळीरामाच्या प्रत्येक कोटीचा खर्च सिंधूच्या खाती मांडलेला आहे. सिंधूच्या पतिभक्तीवर आपण आज वाद घालू शकतो, घालावाच. पण विनोद आणि त्याची किंमत एकाच नाटकात, एकाच छपराखाली दाखवण्याचे धैर्य त्या माणसाने केले, हे मान्य करावे लागेल. आणि आपण काय केले? तळीरामाचे प्रवेश वेगळे काढून स्नेहसंमेलनांत केले. गडकऱ्यांवरच्या पुस्तकांतही तळीरामाच्या कोट्यांचे वेचे सापडतात. जात्याच्या प्रवेशाचा मात्र 'करुणरस' या सदरात वेगळा हिशेब. चंद्रपूर जिल्ह्यात बायकांच्या आंदोलनामुळे २०१५ साली दारूबंदी झाली आणि २०२१ साली ती उठवण्यात आली. त्या निर्णयावर वर्तमानपत्रांत विनोद पुष्कळ झाले. ते सगळे तळीरामाच्या बाजूचे होते.

अत्र्यांविषयी आणि पु. लं.विषयी मी आज फार बोलणार नाही. त्यांच्यावर बोलणारे पुष्कळ आहेत. अत्र्यांचे 'साष्टांग नमस्कार' १९३३ चे, 'लग्नाची बेडी' १९३६ चे. माणसाला एखाद्या खुळाने पछाडले की तो कसा बोलतो, हे अत्र्यांच्या कानाला अचूक कळत असे. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात तीच जीभ त्यांनी सत्तेवर चालवली, आणि तिथे हसणाऱ्याला आपण कोणाला हसतो आहोत हे पक्के ठाऊक होते. पु. लं.नी १९५२ साली गोगोलच्या नाटकावरून 'अंमलदार' लिहिले. सरकारी तपासनीस येणार म्हणून एक संपूर्ण गाव कसे थरथर कापते ते त्यात आहे. आपल्या तालुक्यात वरिष्ठ अधिकाऱ्यांचा दौरा ठरला की रस्त्यांवरचे खड्डे कोणत्या क्रमाने बुजतात, हे ज्यांनी पाहिले आहे त्यांना गोगोल परका वाटणार नाही. आणि आणीबाणीनंतर १९७७ च्या निवडणुकीत हाच विनोदकार सभांमधून लोकशाहीच्या बाजूने उभा राहिला. किश्श्यांच्या पुस्तकांत ती भाषणे एखाद्या परिच्छेदात आटोपलेली असतात.

एक मुद्दा मात्र मला वऱ्हाडी माणूस म्हणून सांगितलाच पाहिजे. मराठी नाटकात नोकर, शिपाई, गावाकडचा पाहुणा बोलू लागला की लोक त्याच्या विनोदाला हसण्याआधी त्याच्या भाषेला हसतात. ही सवय दूरदर्शनने घेतली, आणि पुढे खासगी वाहिन्यांनी तिचा कारखाना काढला. 'लेकाचा गावठी' हेच विनोदाचे भांडवल. पण याच रंगभूमीने याला उत्तरही दिले आहे. लक्ष्मण देशपांडे यांनी 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये एकट्याने पन्नासावर पात्रे उभी केली, आणि त्यांची मराठवाडी बोली लंडनपर्यंत बिनदिक्कत गेली. नावातले वऱ्हाड म्हणजे लग्नाचे, आपले नव्हे. तरी आपण त्याचा अभिमान बाळगायला हरकत नाही. गंगाराम गवाणकरांच्या 'वस्त्रहरणा'त मालवणी माणसे नाटक बसवतात, फसतात, भांडतात; तिथे बोली हा हसण्याचा विषय नसून हसवणाऱ्याचे हत्यार आहे. फरक बारीक वाटेल, पण नाटकगृहातल्या मागच्या रांगेत बसलेल्या शिपायाला तो ताबडतोब कळतो.

आणि हे सगळे निव्वळ वाङ्मयीन गप्पांचे प्रकरण आहे, असे कोणी समजू नये. जोशाच्या लबाडीवर जोतीरावांचा विदूषक हसला त्याला पावणेदोनशे वर्षे होत आली. तेच काम कायद्याच्या भाषेत मांडण्यासाठी डॉ. नरेंद्र दाभोलकर वर्षानुवर्षे झगडले. २० ऑगस्ट २०१३ रोजी पुण्यात त्यांचा खून झाला आणि त्यानंतर त्या वर्षअखेरीस जादूटोणाविरोधी कायदा संमत झाला. दाभोलकरांची सभा ज्यांनी ऐकली आहे त्यांना आठवेल, ते चिडून कधी बोलत नसत. मिश्किलपणे, हळू आवाजात बोलत. सुदाम्याच्या हसण्याने कोल्हटकरांना फार तर काही कर्मठांचा रोष सोसावा लागला. त्याच हसण्याची किंमत पुढे एका माणसाने प्राण देऊन मोजली. २००६ साली केंद्र सरकारने शेतकरी आत्महत्यांसाठी विशेष मदतीची योजना जाहीर केली तेव्हा विदर्भातल्या ज्या सहा जिल्ह्यांची निवड झाली, त्यांत आपला बुलढाणा होता. कर्जबाजारी माणूस भविष्य विचारायला जातो तो हौसेने जात नाही. ज्याला बँक दारात उभी करीत नाही, त्याला जोशी पाटावर बसवतो. हे ज्या विनोदाला ठाऊक आहे तो विनोद कुणब्याला हसत नाही, जोशालाही नुसता हसत नाही. तो बँकेच्या दारापर्यंत जातो.

आता कामाचे बोलतो. कोल्हटकर जाऊन साठ वर्षे केव्हाच उलटली. आपल्या कायद्याप्रमाणे त्यांचे लेखन स्वामित्वहक्कातून मुक्त झालेले आहे. गडकऱ्यांचे आणि जोतीरावांचेही. म्हणजे 'साक्षीदार' आणि सुदाम्याचे आणखी चार-पाच लेख, कठीण शब्दांच्या अर्थासह, एक लहानशी पुस्तिका म्हणून छापायला कोणाच्या परवानगीची आवश्यकता नाही. छपाईचा खर्च एखाद्या गावजेवणाच्या खर्चाहून बराच कमी येईल. त्या पुस्तिकेत कोल्हटकरांचे कौतुक कमी करावे आणि त्यांच्या काळातल्या वऱ्हाडाची माहिती अधिक द्यावी, दुष्काळाच्या तारखांसकट. शाळांतल्या शिक्षकमित्रांना विनंती आहे की त्यातला एक लेख वर्गात मोठ्याने वाचावा. भाषा जुनी आहे, वाक्ये लांब आहेत. पहिल्या पानावर मुले जांभया देतील. तिसऱ्या पानावर एखादा मुलगा किंवा मुलगी हसेल. तिथून पुढे वाचन त्यांच्याच हाती द्यावे.

दुसरी सूचना नाटकाची. 'तृतीय रत्न' लहान आहे, त्याला पडदे लागत नाहीत, वेषभूषा आपल्या घरातच आहे. ते नळगंगेच्या काठच्या कोणत्याही गावी चावडीसमोर करता येईल. कुणबी आणि त्याची बायको आपल्याच बोलीत बोलतील, म्हणजे वऱ्हाडीत. जोशाने पुणेरी बोलावे, त्याला मोकळीक आहे. तालमीला जागा मिळेल असे अध्यक्षांनी मघाशीच सांगितले. कुणब्याच्या कामाला तीन नावे आली आहेत आणि जोशाच्या कामाला, का कोण जाणे, सात. विदूषकाला मात्र अद्याप कोणी तयार नाही. पाठांतर सर्वांत जास्त त्यालाच आहे. ज्यांची तयारी असेल त्यांनी निघण्यापूर्वी माझ्याकडे नाव द्यावे.